‘युजुअल वर्कअप’ म्हणजे नेमकं काय करायचं?

वडोदऱ्यातल्याच एम.एस्सी.च्या एका विद्यार्थ्यानं विचारलंय की शोधनिबंधांत ‘युजुअल वर्कअप’ एवढंच लिहून पुढे जातात, तर त्यात नेमकं करायचं काय? त्यानं प्रयोगशाळेत बेंझोफिनोन आणि फिनाइल मॅग्नेशियम ब्रोमाइड (हे ग्रिन्यार अभिकारक) यांची अभिक्रिया टीएचएफ या द्रावकात केली. टीएलसीवर, म्हणजे अभिक्रिया कुठवर आली हे दाखवणाऱ्या पट्टीवर, बेंझोफिनोन जवळजवळ संपलेलं दिसलं म्हणून सरळ पाणी ओतलं. पांढरा चिकट लगदा झाला, सेपरेटिंग फनेलमध्ये थरच पडेनात, आणि शेवटी हाती आलेला पदार्थ ११० अंशांच्या आसपासच वितळायला लागला. त्यातच वडोदऱ्याजवळच्या नंदेसरी औद्योगिक वसाहतीतल्या एका कंपनीत मुलाखतीला ‘वर्कअप आणि प्युरिफिकेशन यांत फरक काय’ असं विचारलं गेलं. ‘दोन्ही एकच’ हे त्याचं उत्तर समोरच्यांना पटलं नाही.

माझी सगळी नोकरी वडोदऱ्याच्या औषधी इंटरमीडिएट्सच्या कारखान्यांत, प्रोसेस डेव्हलपमेंटमध्ये झाली. या प्रश्नाशी माझा रोजचा संबंध होता, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी मुलाखतीपुरतं उत्तर. अभिक्रिया पुरी झाली असं आपण ठरवतो तिथपासून कच्चा पदार्थ, म्हणजे क्रूड, हातात येईपर्यंत जे काही करतो ते सगळं वर्कअप. त्यात उरलेलं जहाल अभिकारक निकामी करणं म्हणजे क्वेंच, पीएच बदलणं, निष्कर्षण म्हणजे द्रावकात पदार्थ ओढून घेणं, थर धुणं, गाळणं, सुकवणं आणि द्रावक उडवणं येतं. क्रूडपासून शुद्ध पदार्थापर्यंतचं क्रिस्टलायझेशन, कॉलम, डिस्टिलेशन हे प्युरिफिकेशन. आयसोलेशन म्हटलं की बहुतेक लोक दोन्ही मिळून म्हणतात. क्वेंच हा वर्कअपचा पहिला भाग आहे, पण पुष्कळ मुलं त्यालाच वर्कअप समजतात. सीमारेषा नेहमीच इतकी स्वच्छ नसते. पदार्थ पाण्यात ओतल्याबरोबर नव्वद टक्क्यांहून शुद्ध स्फटिक पडले तर ते वर्कअपही झालं आणि शुद्धीकरणही. बी.एस्सी.ला तुम्ही अॅस्पिरिन केलं असेल. शेवटी मिश्रण थंड पाण्यात ओतलं, त्यानं उरलेलं अॅसेटिक अॅनहायड्राइड निकामी झालं आणि अॅस्पिरिन खाली बसलं. ते वर्कअपच होतं, फक्त नाव सांगितलं गेलं नव्हतं.

पण खरा घोटाळा व्याख्येत नाही. वर्कअप म्हणजे अभिक्रियेनंतरची सफाई, असं मनात बसलेलं असतं. अभिक्रिया झाली, पदार्थ तयार झाला, आता फक्त घाण काढायची. पण तुमच्या फ्लास्कमध्ये पाणी घालण्यापूर्वी तुम्हाला हवं असलेलं ट्रायफिनाइलमेथेनॉल नव्हतंच. होतं ते त्याचं मॅग्नेशियम अल्कॉक्साइड. ते अल्कोहोल वर्कअपमध्येच जन्माला येतं, प्रोटॉन मिळाल्यावर. म्हणूनच समीकरणात बाणावर ‘१’ लिहून ग्रिन्यार आणि ‘२’ लिहून आम्लयुक्त पाणी दाखवतात. ते आकडे गाळून दोन्ही एकाच बाणावर लिहिलंत तर त्याचा अर्थ दोन्ही एकदम घातले असा होतो, आणि तसं केलं तर ग्रिन्यार आम्लाशीच संपून जाईल. परीक्षेत यावर गुण कापतात ते बरोबरच आहे.

फ्रीडेल-क्राफ्ट्स अॅसिलेशनमध्येही हेच. तयार झालेलं कीटोन अॅल्युमिनियम क्लोराइडला घट्ट बांधलेलं असतं. म्हणूनच तिथे अॅल्युमिनियम क्लोराइड उत्प्रेरकाएवढं चिमूटभर घालून भागत नाही, एक मोलपेक्षा जरा जास्तच लागतं. बर्फ आणि हायड्रोक्लोरिक आम्लावर ओतल्यावर ते कीटोन सुटं होतं. ओझोनोलिसिसमध्ये तर वर्कअप कोणतं यावर पदार्थ कोणता हेच ठरतं. स्टायरीनवर ओझोन सोडला आणि नंतर डायमिथाइल सल्फाइड किंवा झिंक वापरलं, म्हणजे रिडक्टिव्ह वर्कअप केलं, तर बेंझाल्डिहाइड मिळतं. हायड्रोजन पेरॉक्साइडनं ऑक्सिडेटिव्ह वर्कअप केलं तर बेंझोइक आम्ल. फ्लास्क तोच, ओझोन तोच. ‘रिडक्टिव्ह’, ‘अॅसिडिक’, ‘अॅक्वियस’ ही वर्कअपच्या आधीची विशेषणं नुसती वाचून सोडू नका, त्यांत रसायनशास्त्र भरलेलं असतं.

आता तुमच्या लगद्याकडे येऊ. फ्लास्कमध्ये काय काय होतं ते कागदावर उतरवा: अल्कॉक्साइड, मॅग्नेशियमचे क्षार, थोडं उरलेलं ग्रिन्यार, कदाचित न वापरलेली मॅग्नेशियमची चुरी, उरलंसुरलं बेंझोफिनोन आणि ब्रोमोबेंझिन, भरपूर टीएचएफ, आणि बायफिनाइल. हे शेवटचं नाव मुलं विसरतात. ग्रिन्यार बनतानाच दोन फिनाइल एकमेकांना जोडले जाऊन ते तयार होतं, आणि ते जवळजवळ नेहमी असतं.

साधं पाणी घातल्यावर माध्यम अल्कधर्मी झालं आणि मॅग्नेशियम हायड्रॉक्साइड जेलीसारखं बाहेर पडलं. तो तुमचा लगदा. तुमचा पदार्थही त्यात अडकून राहतो. संपृक्त अमोनियम क्लोराइडचं द्रावण घातलं असतं तर मॅग्नेशियम विरघळलेलं राहिलं असतं, कारण ते द्रावण किंचित आम्लधर्मी असतं, पीएच ५ च्या आसपास. मग सरळ हायड्रोक्लोरिक आम्ल का नाही? तुमच्या पदार्थाला विरल आम्ल चालतं. पण उद्या तुम्ही अॅसिटोफिनोनवर मिथाइल ग्रिन्यार घालून २-फिनाइलप्रोपेन-२-ऑल बनवलंत, तर तीव्र आम्लात त्याचं पाणी निघून अल्फा-मिथाइलस्टायरीन होईल. शेजारी हायड्रोजन असलेलं तृतीयक अल्कोहोल, विशेषतः बेंझिलिक, आम्लाला नाजूक असतं. अमोनियम क्लोराइड दोन्हीकडे चालतं, म्हणून ते वापरायची सवय लावलेली बरी.

थर पडले नाहीत ते टीएचएफमुळे. टीएचएफ पाण्यात पूर्ण मिसळतं. मिथेनॉल, अॅसिटोन, अॅसिटोनायट्राइल, डीएमएफ, डीएमएसओ हेही तसेच. मीठ भरपूर असेल तर टीएचएफचा थर वेगळा पडतो खरा, पण तो पोटात बरंच पाणी घेऊन येतो. म्हणून फ्लास्क बर्फात ठेवून अमोनियम क्लोराइड हळूहळू घाला, मग रोटाव्हॅपवर (कमी दाबाखाली द्रावक उडवायचं यंत्र) टीएचएफचा मोठा भाग काढा आणि उरलेल्यात इथाइल अॅसिटेट घालून मग फनेलकडे वळा. रोटाव्हॅप मोकळा नसेल तर टीएचएफच्या दुप्पट इथाइल अॅसिटेट घातलं तरी थर पडतात. डीएमएफची गोष्ट वेगळी आहे. ते १५३ अंशांना उकळतं, उडवणं जिकिरीचं. तिथे इथाइल अॅसिटेटचा थर पाण्यानं किंवा पाच टक्के लिथियम क्लोराइडच्या द्रावणानं चार-पाच वेळा धुवावा लागतो.

मग निबंधात ‘युजुअल’ का लिहितात? ज्या प्रयोगशाळेनं ते लिहिलं तिथे त्या प्रकारच्या पदार्थांसाठी जे रोज करतात ते त्यांच्या दृष्टीनं नेहमीचं. बहुधा त्याचा अर्थ असा असतो: क्वेंच, पाण्यात न मिसळणाऱ्या द्रावकानं दोन-तीनदा निष्कर्षण, ब्राइननं (मिठाच्या संपृक्त पाण्यानं) एक धुणं, सोडियम सल्फेटवर सुकवणं, गाळणं, द्रावक उडवणं. उदासीन पदार्थाला हे चालून जातं. तुमचा पदार्थ आम्ल, अमाइन किंवा पाण्यात विरघळणारा असेल तर हेच ‘नेहमीचं’ तुमचा पदार्थ नाल्यात घालवील. म्हणून त्या दोन शब्दांवर जाऊ नका. त्याच निबंधाचं सप्लिमेंटरी, म्हणजे सोबत जोडलेला प्रयोगाचा तपशील, वाचा, नाही मिळालं तर त्याच गटाचा जुना निबंध काढा, आणि तेही नसेल तर स्वतः ठरवा. ठरवणं वाटतं तितकं अवघड नाही.

मी नवीन मुलांना वहीचं पान उभं दोन भागांत दुमडायला सांगत असे. डावीकडे फ्लास्कमधल्या प्रत्येक गोष्टीचं नाव. उजवीकडे ती कुठे जाणार: पाण्यात, द्रावकात, गाळणीवर, की हवेत. अभिक्रिया सुरू करण्याआधी हे पान भरायचं. ज्या नावासमोरची जागा कोरी राहते तिथे तुमची अडचण आहे. बहुतेक गोष्टी आम्ल-अल्कावर सुटतात. कार्बोक्सिलिक आम्लाचा पीकेए (आम्लाची तीव्रता सांगणारा आकडा, जितका कमी तितकं तीव्र) ४-५ च्या घरात असतो, म्हणून सोडियम बायकार्बोनेटनं धुतलं की ते क्षार बनून पाण्यात जातं. फिनॉलचा १० च्या आसपास, त्याला बायकार्बोनेट पुरत नाही, सोडियम हायड्रॉक्साइड लागतं. अमाइन विरल हायड्रोक्लोरिक आम्लात जातं. मग त्या पाण्याचा पीएच उलटा फिरवला की पदार्थ परत बाहेर. मात्र इथाइल अॅसिटेट वापरत असाल तर तीव्र सोडियम हायड्रॉक्साइडबरोबर ते फार वेळ ठेवू नका, त्याचंच जलअपघटन सुरू होतं.

तुमच्या पानावर बायफिनाइल आणि बेंझोफिनोन यांच्यासमोरची जागा कोरी राहील. दोन्ही उदासीन, तुमचा पदार्थही उदासीन. कितीही वेळा धुतलं तरी तिघं एकाच थरात राहणार. वर्कअपची हद्द इथे संपते आणि प्युरिफिकेशन सुरू होतं. मुलाखतीत तुम्ही हेच उदाहरण दिलं असतंत तर वेगळी व्याख्या सांगायची गरजही पडली नसती. विटिग किंवा मित्सुनोबू अभिक्रिया केल्यावर राहणारं ट्रायफिनाइलफॉस्फिन ऑक्साइडही याच जातीचं, धुऊन न जाणारं. त्यासाठी लोकांनी खास युक्त्या काढल्या आहेत, जसं इथेनॉलमध्ये झिंक क्लोराइड घालून त्याचा संकुल गाळून टाकणं.

फनेलबद्दल थोडं, कारण हात इथेच चुकतात. एकदाच भरपूर द्रावक घालण्यापेक्षा तेवढंच द्रावक तुकड्यांनी घालणं नेहमी फायद्याचं. समजा पदार्थ पाण्यापेक्षा इथाइल अॅसिटेटमध्ये चौपट वाटला जातो आणि पाणी १०० मिली आहे. १०० मिली द्रावक एकदाच घातलंत तर पाण्यात २० टक्के पदार्थ मागे राहतो. ५०-५० दोनदा घातलं तर ११ टक्के. २५-२५ चारदा घातलं तर सव्वासहा टक्के. द्रावकाचा खर्च तेवढाच.

कोणता थर कोणता हे आठवणीवर सोडू नका. डायक्लोरोमीथेन आणि क्लोरोफॉर्म पाण्याखाली बसतात, इथाइल अॅसिटेट, ईथर, टोल्युइन वर. पण मीठ किंवा पदार्थ खूप विरघळला असेल तर घनता बदलते. शंका आली की वरून पाण्याचा एक थेंब सोडा आणि तो कोणत्या थरात मिसळतो ते बघा. आणि पदार्थ तोलून, ओळखून हातात येईपर्यंत एकही थर फेकू नका. लेबल लावलेला फ्लास्क दोन दिवस टेबलावर राहिला तर काही बिघडत नाही.

बायकार्बोनेट घातल्यावर कार्बन डायऑक्साइड निघतो. आधी उघड्या फनेलमध्ये फेस शांत होऊ द्या, मग बूच लावा आणि तोंड माणसांपासून दूर धरून वारंवार वायू सोडा. वडोदऱ्यात मे महिन्यात एसी नसलेल्या प्रयोगशाळेत हे दुप्पट महत्त्वाचं, कारण डायक्लोरोमीथेन ४० अंशांच्या जरा खालीच उकळतं आणि ईथर ३५ च्या आत. उन्हाळ्यात द्रावक आणि ब्राइन दोन्ही फ्रीजमधून काढून वापरा. इमल्शन झालं तर जोरात हलवून ते मोडत नाही, पक्कं होतं. थोडं घन मीठ घाला, फनेल हळूच गोल फिरवा आणि थांबा. तरीही नाही मोडलं तर सेलाइट या गाळायच्या पावडरीच्या थरातून गाळा. बऱ्याचदा बारीक घन कणांनीच ते धरून ठेवलेलं असतं.

ब्राइनचं धुणं अनेकांना कर्मकांड वाटतं. इथाइल अॅसिटेटमध्ये तीनेक टक्के पाणी विरघळतं. ब्राइन त्यातलं बरंच खेचून घेतं, म्हणून पुढे सुकवायला सोडियम सल्फेट कमी लागतं. सोडियम सल्फेट सावकाश काम करतं पण बरंच पाणी धरतं. मॅग्नेशियम सल्फेट झटपट, पण किंचित आम्लधर्मी. कॅल्शियम क्लोराइड अल्कोहोल आणि अमाइनना स्वतःच बांधून घेतं, म्हणजे तुमच्या पदार्थाला ते वर्ज्य.

काही वर्कअप मात्र ‘स्वतः ठरवा’ म्हणून सोडून देण्यासारखी नाहीत. लिथियम अॅल्युमिनियम हायड्राइडला नुसतं पाणी घातलं तर आग लागू शकते, आणि नाही लागली तरी अॅल्युमिनियमची जेली पदार्थ गिळते. तिथे फीझरची पद्धत पाळा: बर्फात ठेवून, जितके ग्रॅम हायड्राइड तितके मिली पाणी थेंबाथेंबानं, मग तितकंच १५ टक्के सोडियम हायड्रॉक्साइड, मग तिप्पट पाणी. क्षार रवाळ पडतात आणि सहज गाळले जातात. सोडियम अझाइड वापरलं असेल तर निष्कर्षणाला डायक्लोरोमीथेन अजिबात नको, त्यातून स्फोटक डायअझिडोमीथेन तयार होऊ शकतं. त्या पाण्यात आम्लही घालायचं नाही, हायड्रॅझोइक आम्ल निघतं, ते विषारीही आहे आणि स्फोटकही. सायनाइडच्या मिश्रणात आम्ल घालणं म्हणजे हायड्रोजन सायनाइड सोडणं. हे सगळं मार्गदर्शक शेजारी असतानाच करा.

नंदेसरीच्या मुलाखतीत हा प्रश्न का विचारतात तेही सांगते, कारण तिथे पुन्हा जाल. आपल्या शहराचं रसायनाशी नातं जुनं आहे. सयाजीराव महाराजांनी १८९० मध्ये कलाभवन काढलं आणि प्रोफेसर त्रिभुवनदास गज्जर यांनी तिथे रंगरसायन शिकवलं, तेव्हापासून इथे हातानं काम येणाऱ्याला मान आहे. कारखान्यात अभिक्रिया बहुधा ठरलेली असते. बॅचचे तास आणि पैसे वर्कअपमध्ये जातात. २५० मिलीच्या फ्लास्कमधून ३००० लिटरच्या जीएलआरमध्ये (काचेचं अस्तर असलेल्या रिअॅक्टरमध्ये) गेलात की आकारमान १२,००० पट होतं, पण दर लिटरमागे उष्णता बाहेर जाण्याचा पृष्ठभाग साधारण २३ पटींनी घटतो. टेबलावर पाच मिनिटांत केलेला क्वेंच तिथे कित्येक तास चालतो, आणि तेवढा वेळ तुमचा पदार्थ त्या पीएचला टिकतो का हे आधी तपासावं लागतं. सोडियम सल्फेट तिथे कोणी टाकत नाही. टोल्युइन उडवताना पाणी त्याच्याबरोबर ८४-८५ अंशांना निघून जातं, तेच सुकवणं. डायइथाइल ईथर शक्यतो आणतच नाहीत. लेयर खालच्या व्हॉल्व्हमधून साइट ग्लासकडे बघत कट करतात आणि मधला गढूळ रॅग लेयर कोणत्या बाजूला घ्यायचा हे बीएमआरमध्ये, म्हणजे बॅचच्या उत्पादन नोंदवहीत, लिहिलेलं असतं.

आणि प्रत्येक धुण्याचं पाणी कुठेतरी जातं. या पट्ट्यातलं प्रक्रिया केलेलं सांडपाणी १९८३ पासून सुमारे ५५ किलोमीटरच्या कालव्यातून खंभातच्या आखाताकडे नेलं जातं. त्यात काय सोडायचं याला मर्यादा आहेत. तुम्ही वहीत सहज लिहिलेलं ‘ब्राइननं तीनदा धुतलं’ हे ईटीपीवाल्यांसाठी, म्हणजे सांडपाणी प्रक्रिया करणाऱ्यांसाठी, टनावारी मीठ असतं. म्हणून मुलाखत घेणारा ‘हे धुणं का’ असं विचारतो आणि तुमचं उत्तर ऐकून घेतो. एखादं धुणं वगळता येतं का, क्रूड न काढता द्रावणच पुढच्या टप्प्यात नेता येतं का, हे ज्याला सुचतं तो माणूस त्यांना हवा असतो.

तुमचा आताचा क्रूड फेकू नका. लगद्याचा भाग राहिला असेल तर त्यात संपृक्त अमोनियम क्लोराइड घालून तो मोकळा होतो का बघा आणि इथाइल अॅसिटेटनं पुन्हा निष्कर्षण करा. सगळं एकत्र करून, सुकवून, द्रावक उडवल्यावर त्या घनात थंड हेक्सेन किंवा पेट्रोलियम ईथर घालून दहा मिनिटं ढवळा आणि गाळा. बायफिनाइल आणि बरंचसं बेंझोफिनोन द्रवाबरोबर निघून जाईल, ट्रायफिनाइलमेथेनॉल गाळणीवर राहील. नंतर इथेनॉल किंवा आयसोप्रोपेनॉलमधून एक क्रिस्टलायझेशन करा. वितळबिंदू १६२ ते १६४ च्या दरम्यान यायला हवा. १५० पासूनच मऊ पडायला लागला तर हेक्सेननं आणखी एकदा धुवा, आणि गाळलेल्या द्रवाची टीएलसी मूळ बेंझोफिनोनशेजारी लावून मला कळवा.